चिरंजीवी इतकी वर्षं टिकला कसा?

महाराष्ट्रात बहुतेकांना चिरंजीवी माहीत आहे तो हिंदी चॅनेलवर भरदुपारी लागणाऱ्या 'इंद्रा द टायगर'मुळे, नाहीतर रामचरणचा बाप म्हणून. 'आरआरआर' आणि 'पुष्पा' पाहून तेलुगू सिनेमाकडे वळलेल्या मुलांना तर तो एका मोठ्या फिल्मी घराण्यातला वडीलधारा, एवढंच वाटतं. पण आज आपण ज्याला 'साऊथचा पिक्चर' म्हणतो त्याचा साचा, म्हणजे हिरोची एंट्री, तसला नाच, संक्रांतीला लागणारा मोठा सिनेमा आणि या सगळ्यामागचा पैशाचा हिशोब, समजून घ्यायचा असेल तर याच माणसाची कारकीर्द उलगडून पाहावी.

सुरुवातीलाच एक आकडेमोड. चिरंजीवीचा पहिला चित्रपट लागला १९७८ मध्ये, शंभरावा १९८८ मध्ये आणि दीडशेवा २०१७ मध्ये. पहिले शंभर दहा वर्षांत झाले, पुढच्या पन्नासांना एकोणतीस वर्षं लागली. मधली दहा वर्षं राजकारणात गेली हे खरं, तरी तेवढ्यानं हा फरक भरून निघत नाही. माझ्या मते तो टिकला याचं अर्धं श्रेय त्याच्या अंगच्या गुणांना आहे. उरलेलं अर्धं तेलुगू सिनेमाच्या बाजाराला आहे. बाजार बदलला तसा तोही बदलत गेला. कधी वेळेवर, कधी उशिरा.

म्हणून आधी बाजार.

तेलुगू सिनेमा विकला जातो तो इलाख्यांवर. हैदराबादसह सगळा तेलंगणा म्हणजे 'निझाम'. कर्नूल, कडप्पा, अनंतपूर, चित्तूर हा रायलसीमेचा पट्टा म्हणजे 'सीडेड', कारण १८०० मध्ये निझामानं तो इंग्रजांना देऊन टाकला होता. बाकी किनारपट्टीचे भाग: उत्तरांध्र, पूर्व गोदावरी, पश्चिम गोदावरी, कृष्णा, गुंटूर, नेल्लूर. संस्थान जाऊन पाऊणशे वर्षं झाली, तरी वितरकांच्या वहीत ही नावं तशीच आहेत. आपला मराठवाडाही एकेकाळी याच निझामाच्या राज्यात होता, त्यामुळे हा नकाशा आपल्याला तसा परका नाही.

निर्माता प्रत्येक इलाख्याचे हक्क वेगवेगळ्या वितरकाला विकतो, तेही चित्रपट लागण्याच्या कितीतरी आधी, पुष्कळदा तो पुरा होण्याआधीच. कोकणात व्यापारी मोहोर बघून आंब्याची बाग घेतो आणि पुढे आंबा किती धरेल याची जोखीम स्वतःच्या डोक्यावर घेतो, तसाच हा व्यवहार. मोहोर म्हणजे इथे हिरोचं नाव. पोस्टरवर चिरंजीवी आहे म्हटल्यावर पश्चिम गोदावरीचा वितरक डोळे मिटून पैसे मोजणार, आणि त्याच पैशावर चित्रपट पुरा होणार. म्हणजे स्टार हा कलाकार तर असतोच, शिवाय एक प्रकारची हमीही असतो. लोक थिएटरात येतीलच, ही हमी.

हे एकदा कळलं की बऱ्याच गोष्टींचा उलगडा होतो. एकाच चित्रपटात सहा गाणी, सहा मारामाऱ्या, आईचे अश्रू आणि विनोदी नट हे सगळं का कोंबलेलं असतं? विशाखापट्टणमच्या एसी थिएटरात बसणारा आणि अनंतपूरच्या तालुक्याच्या गावी पहिल्या खेळाला रांग लावणारा, या दोघांकडूनही पैसे वसूल व्हायला हवे असतात म्हणून. दुसऱ्या भाषेत चाललेल्या चित्रपटाचा रीमेक इतका का आवडतो? एकदा चाललेली गोष्ट वितरकाला सुरक्षित वाटते म्हणून.

आता माणूस. कोणिदेल शिवशंकर वरप्रसाद, जन्म २२ ऑगस्ट १९५५, पश्चिम गोदावरी जिल्ह्यातलं मोगलतुर्रू. वडील पोलीस खात्यात कॉन्स्टेबल. बी.कॉम. करून पोरगा मद्रासला गेला, कारण तेव्हा तेलुगू सिनेमाचं मोठं काम अजून मद्रासमध्येच चालायचं. तिथल्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये अभिनय शिकला. घरचं दैवत हनुमान, म्हणून पडद्यासाठी नाव घेतलं चिरंजीवी. सिनेमात ओळखीपाळखीचं कुणी नव्हतं. पुढे १९८० मध्ये विनोदी नट अल्लू रामलिंगय्या यांची मुलगी सुरेखा हिच्याशी लग्न झालं आणि मेहुणा अल्लू अरविंद निर्माता म्हणून पाठीशी उभा राहिला, पण पायाभरणी त्याआधीच झाली होती.

ही पायाभरणी पुष्कळ जण विसरतात. सुरुवातीच्या काळात चिरंजीवी खलनायकही होता. के. बालचंदर यांच्या 'इदि कथ कादु' (१९७९) मध्ये तो बायकोला छळणारा नवरा झाला. हा चित्रपट बालचंदर यांच्याच तमिळ 'अवर्गळ'चा तेलुगू अवतार आणि तमिळमध्ये तीच भूमिका रजनीकांतनं केली होती. पुढे दोन भाषांचे सर्वांत मोठे हिरो ठरलेले हे दोघे एकाच दुष्ट नवऱ्याच्या भूमिकेतून गेले, ही मला फार बोलकी गोष्ट वाटते. मिळेल ते काम घ्यायचं, भूमिका दुय्यम असली तरी पडद्यावर आपल्याकडेच नजर वळली पाहिजे असं करायचं, ही सवय त्याला तिथे लागली.

मग आलं १९८३, आणि त्या वर्षात तेलुगू समाजात काय चाललं होतं ते पाहिल्याशिवाय चिरंजीवीचं यश नीट समजत नाही.

तेलुगू पडद्यावरचा राम-कृष्ण म्हणजे एन. टी. रामाराव. त्यांनी मार्च १९८२ मध्ये तेलुगू देशम पक्ष काढला आणि नऊ-दहा महिन्यांत, जानेवारी १९८३ मध्ये, ते मुख्यमंत्री झाले. सिनेमातली सर्वांत मोठी खुर्ची रिकामी झाली. अक्किनेनी नागेश्वरराव साठीकडे झुकले होते. कृष्णा, शोभन बाबू जोरात होते, पण तेही आदल्या पिढीचे. इकडे गावोगावी थिएटरं वाढत होती आणि त्यांत पहिल्या खेळाला येणारा प्रेक्षक होता पंचविशीच्या आतला, शेतकऱ्याचा, रिक्षावाल्याचा, कारकुनाचा मुलगा. त्याच्या वयाचा आणि त्याच्यासारखा दिसणारा हिरो कुठे होता?

२८ ऑक्टोबर १९८३ ला 'खैदी' लागला. दिग्दर्शक ए. कोदंडरामी रेड्डी, लेखक परुचुरी बंधू. गावच्या जमीनदारानं उद्ध्वस्त केलेल्या सूर्यमची ही गोष्ट. सुरुवातीलाच पोलीस त्याला संशयावरून धरतात, ठाण्यात आणतात, मारतात. थोडा वेळ तो मार खातो आणि मग सगळ्या ठाण्यालाच भिडून निसटतो. तो प्रसंग आज पाहिला तरी कळतं की थिएटरात काय झालं असेल. रामाराव पडद्यावर देव व्हायचे, राजा व्हायचे. त्यांनी मारलं तर दुष्टाचा संहार व्हायचा. हा मुलगा अंगावर वळ घेऊन उठतो. त्याचा राग कुठल्याही गावातल्या मुलाचा आहे. चिरंजीवी तेव्हा अठ्ठावीस वर्षांचा होता. त्या शुक्रवारपासून हमी म्हणून चालणारं नाव बदललं.

दुसरी गोष्ट नाचाची. त्याच्या आधीचे हिरो गाण्यात चालायचे, हात हलवायचे, हिरॉइनभोवती फिरायचे. चिरंजीवीनं नाच हे हिरोचंच काम करून टाकलं. 'पसिवाडि प्राणम' (१९८७) मधला त्याचा ब्रेक डान्स गावागावांत पोरांनी गिरवला. पुढे प्रभुदेवा, लॉरेन्स असे नृत्यदिग्दर्शक त्याला मिळाले. 'घराना मोगुडु'मधलं 'बंगारु कोडिपेट्ट' पाहा. स्टेप अवघड आहे म्हणून लक्षात राहते असं नाही. ती करताना याचा चेहरा सैल असतो, खांदे मोकळे असतात, शरीराला कष्ट पडतायत हे जाणवतच नाही आणि मधूनच डोळ्यांत खट्याळपणा चमकून जातो. तेव्हापासून तेलुगू हिरोला नाचता येणं सक्तीचं झालं. अल्लू अर्जुन, रामचरण, धाकटा एनटीआर यांच्या नाचाचं आपण कौतुक करतो, तेव्हा ही अट कुणामुळे आली ते लक्षात ठेवायला हवं. सप्टेंबर २०२४ मध्ये गिनीज बुकानं त्याची नोंद केली तीही नाचासाठीच: १५६ चित्रपट, ५३७ गाणी, २४,००० नृत्यहालचाली.

'मेगास्टार' ही उपाधी आली १९८८ च्या 'मरण मृदंगम'पासून. निर्माते के. एस. रामाराव यांनी ती नामावळीत टाकली. त्याआधी तो 'सुप्रीम हिरो' होता. या उपाध्यांचं आपल्याला हसू येऊ शकतं, पण वितरकाच्या दृष्टीनं ती खूण होती: या नावाची आता वेगळी किंमत लागेल.

आणि इथेच मला सर्वांत जास्त रस असलेला भाग सुरू होतो. ज्या काळात हे नाव सोन्याच्या भावानं विकलं जात होतं, त्याच काळात चिरंजीवी मधूनमधून असे चित्रपट करत होता ज्यांत त्या नावाचा फारसा उपयोग नव्हता.

'स्वयंकृषी' (१९८७) घ्या. दिग्दर्शक के. विश्वनाथ, 'शंकराभरणम'वाले. चिरंजीवी यात सांबय्या नावाचा चांभार आहे. अक्षरओळख नाही, रस्त्याकडेला बसून चपला शिवतो, त्या कमाईवर मृत बहिणीच्या मुलाला वाढवतो, शारदा नावाच्या मुलीला शिकवतो आणि कष्टानं स्वतःचं दुकान उभं करतो. या भूमिकेत तो बसतो कसा ते बघावं. मेगास्टारची ती रुंद छाती कुठेच दिसत नाही. पाठीला पोक आहे, नजर समोरच्याच्या पायांकडे जाते, आणि बोलताना हातातलं काम थांबत नाही. आंध्र सरकारचा नंदी पुरस्कार मिळाला आणि प्रेक्षकही आले.

पुढच्या वर्षीचा 'रुद्रवीणा' मात्र पडला. धाकटा भाऊ नागबाबूच्या नावानं घरच्याच संस्थेनं तो काढला, दिग्दर्शन बालचंदर यांचं, संगीत इळैयाराजांचं. कर्मठ संगीतज्ञ बाप आणि संगीत माणसांच्या उपयोगी पडावं, अस्पृश्यता जावी असं मानणारा मुलगा, यांच्यातला हा झगडा. राष्ट्रीय एकात्मतेसाठीचा नर्गिस दत्त पुरस्कार मिळाला, पण पैसे बुडाले. का बुडाले? इलाखेवार विकल्या जाणाऱ्या हिरोच्या मारामारीची वाट बघत बसलेला प्रेक्षक बुचकळ्यात पडला आणि मारामारी न आवडणारा प्रेक्षक 'चिरंजीवीचा पिक्चर' म्हणून आलाच नाही. स्टारचं नाव असं दुधारी असतं. ते ज्याला खेचतं त्याला खेचतं, ज्याला दूर ठेवतं त्याला दूरच ठेवतं. तरीही १९९२ मध्ये, 'घराना मोगुडु' आणि विश्वनाथांचा 'आपद्बांधवुडु' हे दोन्ही त्यानं एकाच वर्षात केले. एकात ट्रेड युनियनचा बेधडक कामगार, दुसऱ्यात मालकाच्या मुलीसाठी स्वतःचं आयुष्य ओवाळून टाकणारा गवळी. दुसऱ्यासाठी त्याला पुन्हा नंदी पुरस्कार मिळाला. तो केवळ मारामारीचा हिरो होता असं कुणी म्हणालं, तर मी हे तीन चित्रपट पुढे करतो.

१९९० ते १९९२ हा कळस. मे १९९० मध्ये आंध्रच्या किनाऱ्यावर चक्रीवादळ धडकलं आणि त्याच आठवड्यात 'जगदेक वीरुडु अतिलोक सुंदरी' लागला. चिरंजीवी आणि श्रीदेवी, राघवेंद्र राव यांचं दिग्दर्शन. रस्ते पाण्याखाली, थिएटरांतही पाणी, तरी लोक आले. मग 'गँग लीडर', मग 'घराना मोगुडु', ज्याचा वितरकांच्या हाती पडलेला वाटा दहा कोटींच्या वर गेला. तेलुगूत असं पहिल्यांदाच घडलं, असं मानलं जातं. हा वाटा म्हणजे 'शेअर'. तिकीटविक्रीतून कर आणि थिएटरचं भाडं वजा जाता उरतो तो. व्यापारात मोजतात तो हाच आकडा. जाहिरातीत झळकतो तो एकूण गल्ला. चित्रपटाचे आकडे वाचताना यांतला कोणता आहे हे बघायची सवय लावून घ्यावी, निम्मे वाद तिथेच मिटतात. १९९२ मध्ये 'द वीक'च्या मुखपृष्ठावर तो झळकला ते बच्चनपेक्षा मोठा म्हणून, आणि चित्रपटामागे सव्वा कोटी घेतो अशी चर्चा देशभर झाली.

मग हिंदीत का जमलं नाही? 'प्रतिबंध' (१९९०) चांगला चालला. नंतरचे 'आज का गुंडाराज' आणि 'द जंटलमन' यांनी हिंदीत त्याचं बस्तान काही बसवलं नाही. मला वाटतं कारण वर आलेलंच आहे. त्याची हमी गोदावरी, कृष्णा, निझाम इथल्या लोकांशी वर्षानुवर्षं जुळलेल्या नात्यावर उभी होती. मुंबईच्या वितरकाला त्या नात्याची किंमत काय? आणि हिंदीत ठाण मांडून बसायचं तर घरचा बाजार सोडावा लागणार, जो त्या क्षणी सोन्याची खाण होता.

खाणही आटते. १९९३ नंतर तीच ती मारामारी, तोच रिक्षावाला, तोच मेकॅनिक. 'बिग बॉस', 'रिक्शावोडु' (दोन्ही १९९५) आपटले. १९९६ मध्ये त्यानं एकही तेलुगू चित्रपट दिला नाही. ज्यानं एकेका वर्षात दहा-दहा चित्रपट केले, त्यानं वर्षभर गप्प बसायचं, ही साधी गोष्ट नव्हती. आणि परतला तो जानेवारी १९९७ मध्ये, संक्रांतीच्या दिवसांत, 'हिटलर' घेऊन: मल्याळमचा रीमेक, पाच बहिणींचा कडक मोठा भाऊ. तरुण पोरांचा बंडखोर हिरो आता घराघरांतला थोरला भाऊ झाला. चाहते आजही त्याला 'अन्नय्या' म्हणतात, दादा. चाळिशीतल्या हिरोनं वयाला साजेसं रूप घेतलं आणि बायका, म्हातारी माणसं, लेकरं थिएटरात परत आली.

चाहत्यांबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. तेलुगू प्रदेशात चाहत्यांच्या संघटना गावपातळीपर्यंत असतात. पहाटेचे खास खेळ, कटआउट, पोस्टरवर दूध, दुसऱ्या हिरोच्या चाहत्यांशी हाणामाऱ्या, हे सगळं त्यांतून येतं. २ ऑक्टोबर १९९८ ला चिरंजीवीनं हैदराबादेत रक्तपेढी आणि नेत्रपेढी सुरू केली आणि चाहत्यांना सांगितलं, माझ्यासाठी काही करायचंय तर रक्त द्या. रक्त दिलंही. चाहत्यांच्या उत्साहाला एवढ्या प्रमाणावर असं कामाला लावल्याचं दुसरं उदाहरण मला आठवत नाही. २००६ च्या पद्मभूषणमध्ये मला या कामाचाही वाटा दिसतो.

पुढचा बहर 'इंद्र' (२००२) चा. तेव्हा रायलसीमेतल्या घराण्यांच्या वैरावरच्या चित्रपटांची लाट होती, आणि ती आणणारे बी. गोपाल हेच इथे दिग्दर्शक. काशीत टॅक्सी चालवणारा माणूस मुळात कोण, ही गोष्ट. सोबत आपली सोनाली बेंद्रे आणि तो प्रसिद्ध 'वीणा स्टेप', सत्तेचाळिशीच्या जवळ आलेल्या माणसानं केलेला. लगेच 'टागोर' (२००३), तमिळ 'रमणा'चा रीमेक, ज्यातून साताऱ्याच्या सयाजी शिंदेंचं खलनायक म्हणून तेलुगूत नाव झालं. त्यानंतर 'शंकर दादा एमबीबीएस', म्हणजे आपला मुन्नाभाई.

राजकारणाचं थोडक्यात. ऑगस्ट २००८ मध्ये तिरुपतीच्या सभेत 'प्रजा राज्यम' पक्ष जाहीर झाला. २००९ मध्ये २९४ पैकी १८ जागा मिळाल्या. तो स्वतः तिरुपतीत जिंकला, पण घरच्या पश्चिम गोदावरीतल्या पालकोल्लूत हरला. २०११ मध्ये पक्ष काँग्रेसमध्ये विलीन झाला, पुढे तो राज्यसभेत गेला आणि केंद्रात पर्यटन खात्याचा स्वतंत्र कार्यभार असलेला राज्यमंत्री झाला. रामारावांना साधलं ते याला का साधलं नाही? १९८२ मध्ये काँग्रेसविरुद्ध एकवटलेली चीड होती आणि मैदान मोकळं होतं. २००९ मध्ये वाय. एस. राजशेखर रेड्डींचं सरकार लोकप्रिय होतं आणि विरोधाची जागा तेलुगू देशमनं आधीच धरली होती. तिकीट काढणारा मतही देईलच, असं होत नाही. धाकटा भाऊ पवन कल्याणनं मात्र दहा वर्षं पराभव पचवून वाट काढली आणि २०२४ मध्ये तो आंध्रचा उपमुख्यमंत्री झाला.

जानेवारी २०१७, पुन्हा संक्रांत, 'खैदी नंबर १५०'. निर्माता मुलगा रामचरण. साठी ओलांडलेल्या हिरोच्या चित्रपटाचा गल्ला शंभर कोटींच्या वर गेला. पण या दहा वर्षांत बाजार पालटला होता, आणि हे चिरंजीवीच्या उशिरा लक्षात आलं असं मला वाटतं. रीमेकची सगळी मदार असते ती मूळ चित्रपट इथल्या प्रेक्षकानं पाहिलेला नाही यावर. १९९७ मध्ये राजमहेंद्रीतल्या माणसाला मल्याळम 'हिटलर' दिसणार कुठे? २०२२ मध्ये मोहनलालचा 'लुसिफर' मोबाइलवर, तोही तेलुगूत डब होऊन, केव्हाच पाहून झालेला होता. त्याचाच रीमेक 'गॉडफादर' बेताचा चालला आणि २०२३ चा 'भोळा शंकर', तमिळ 'वेदाळम'चा रीमेक, दणकून आपटला. 'गॉडफादर'च्या आधी लागलेल्या 'आचार्य'नं वितरकांचं इतकं नुकसान केलं की त्यानं आणि रामचरणनं मानधनाचा मोठा भाग परत केला. हमी खोटी ठरली की भरपाई द्यायची, हाही त्याच व्यवहाराचा भाग.

याउलट जानेवारी २०२३ चा 'वॉल्टेर वीरय्या' बघा. कुठल्याही भाषेतून न उचललेली गोष्ट, विशाखापट्टणमचा मच्छीमार, लुंगी, विनोद, सोबत रवी तेजा. दिग्दर्शक बॉबी लहानपणापासून त्याचा चाहता, आणि आपल्याला कोणता चिरंजीवी पडद्यावर पाहायचाय हे त्याला पक्कं ठाऊक होतं. तो तुफान चालला. पुढच्याच वर्षी पद्मविभूषण मिळालं. तेलुगूतल्या तरुण दिग्दर्शकांत असे 'अन्नय्या'चे चाहते पुष्कळ आहेत, आणि सत्तरीच्या चिरंजीवीला आता तेच गोष्टी लिहून देतायत.